उन्मेष खांबेटेची कुजबुज

गेल्या वर्षी ऑगस्टच्या पहिल्या रविवारी, सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी, आमच्या सोसायटीच्या बी-१०४ मधून "सावधान" अशी आरोळी आली. तिसऱ्या मिनिटाला गार्ड दाराशी पोचला. पाचव्या मिनिटापर्यंत सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर चौघांनी विचारलं होतं की बी-१०४ मध्ये सगळं ठीक आहे ना. दुसऱ्या कुठल्याही घरातून ओरडा आला असता तर दिल्लीच्या मयूर विहारमध्ये कोणी मान वर केली नसती. पण बी-१०४ मध्ये उन्मेष खांबेटे राहतो. आधी टीव्हीवर आणि मग मोबाइलवर, वीस-बावीस वर्षं झुडपामागे उकिडवा बसून, कुजबुजत्या हिंदीत लोकांना सारस आणि साळिंदर दाखवणारा जो माणूस आहे, तो हा. त्याला ओरडताना कोणी ऐकलं नव्हतं.

मी समोरच्या बी-१०३ मध्ये राहते. उन्मेष अकरा वर्षांचा असल्यापासून त्याला ओळखते. तारखा माझ्या डायऱ्यांत आहेत, त्यामुळे पुढे जे लिहिते आहे त्यात आठवणीची भेसळ कमी आहे.

ही आरोळी का आली ते सांगायचं तर १९९१ पर्यंत मागे जावं लागेल.

त्या वर्षी मंडळाच्या गणेशोत्सवातलं नाटक माझे यजमान बसवत होते. दिल्लीतल्या मराठी मंडळात नाटक म्हणजे काय असतं ते बाहेरच्यांना सांगून कळत नाही. कृषी मंत्रालयातला अवर सचिव नोकर होतो, त्याच्या हाताखालचा कारकून सावकार होतो आणि दहा दिवस ऑफिसातही तो ताठ्यात वागतो. सतरा वर्षांचा उन्मेष हवालदाराच्या भूमिकेसाठी आला. सडसडीत, मोठे डोळे, पाठांतर चोख. हे सवयीप्रमाणे सभागृहाच्या शेवटच्या, म्हणजे अठराव्या रांगेत जाऊन बसले आणि म्हणाले, "हं, बोल."

उन्मेष बोलला. ओठ हलताना दिसत होते. पाचव्या रांगेच्या पुढे काही गेलं नाही.

"मोठ्याने," हे म्हणाले.

"मोठ्यानेच बोलतोय, काका," असं तो म्हणाला म्हणे. ते मधल्या रांगेतल्या कोणीतरी यांना ओरडून सांगितलं.

माझी नोंद अशी आहे: "१० ऑगस्ट १९९१. उन्मेषचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जात नाही, असं यांचं मत. हवालदार दुसऱ्याला. उन्मेषला प्रॉम्प्टिंग. चेहरा पडला होता. साबुदाणा वडे दिले, पाच खाल्ले."

प्रॉम्प्टिंग म्हणजे विंगेत संहिता आणि टॉर्च घेऊन बसायचं आणि नट अडखळला की त्याला पुढचं वाक्य द्यायचं. ते नटाला ऐकू गेलं पाहिजे आणि पहिल्या रांगेतल्या प्रमुख पाहुण्यांना नाही. उन्मेषने आठ वर्षं हे केलं आणि त्याचं शास्त्र बनवलं. तो मला सांगायचा, "काकू, आवाज वापरायचाच नाही. नुसता श्वास, आणि व्यंजनं टोकदार. पहिले दोनच शब्द द्यायचे. तिसरा दिला की नट रुसतो, त्याला वाटतं आपल्याला काहीच येत नाही." त्या आठ वर्षांत मंडळाच्या नाटकात कोणी अडलेलं दिसलं नाही. लोक नटांच्या पाठांतराचं कौतुक करत. विंगेत बसलेला हा मुलगा शेवटच्या टाळीला बाहेर यायचा तो संहितेला लावलेल्या क्लिपा मोजत.

माझ्या कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर ॲग्नेस वर्गात कुजबुजणाऱ्या मुलींना बाकावर उभं करत. त्या अर्थाने उन्मेषचं पुढचं सगळं करिअर बाकावर उभं राहून झालं, असं म्हणायला हवं.

झूऑलॉजीत बी.एस्सी. झाल्यावर त्याला नोएडाच्या फिल्मसिटीत एका माहितीपटवाल्यांकडे काम मिळालं. लांब दांडीला माइक लावतात, ती दांडी धरून उभं राहायचं. फेब्रुवारी २००० मध्ये त्यांचं शूटिंग ओखल्याच्या पक्षी अभयारण्यात होतं. सूत्रधार म्हणून मुंबईहून एक नट आणला होता. भारदस्त गृहस्थ. त्यांचा आवाज असा की त्यांनी "दोस्तो" म्हटलं की यमुनेवरची सगळी बदकं उडायची. बदकं परत बसेपर्यंत पाऊण तास. मग पुन्हा "दोस्तो". असे तीन दिवस गेले. तिसऱ्या दिवशी त्या गृहस्थांनी आवाज खाली आणायचा प्रयत्न केला आणि त्या नादात वाक्यच विसरले. दांडी धरलेल्या उन्मेषने सवयीने, मान न वळवता, पहिले दोन शब्द दिले.

दिग्दर्शकाने कानाला हेडफोन लावला होता. तो उठून उभा राहिला. "ये किसने बोला?"

उन्मेषला वाटलं नोकरी गेली.

"अरे बोलो यार, किसने बोला? एक-एक अक्षर साफ़ है. और वो देखो, बतख़ वहीं बैठी है."

अशा रीतीने उन्मेष दांडीच्या मागून कॅमेऱ्याच्या पुढे आला. त्याची मालिका पहिली चौदा वर्षं दर रविवारी सकाळी लागायची, नंतर ती मोबाइलवर गेली. प्रत्येक भागात तो एकदा कॅमेऱ्याकडे वळायचा, बोट ओठांजवळ न्यायचा आणि म्हणायचा, "अब... हिलिएगा मत." तेवढ्यात मागच्या गवतातून नीलगाय किंवा कोल्हा निघायचा. देशभरची मुलं रविवारी सकाळी हलायची थांबत. आमचा भाजीवाला अजूनही वजन करताना काटा स्थिर व्हायची वाट बघतो आणि मला म्हणतो, "आंटीजी, हिलिएगा मत."

मालिकेने नाव दिलं, पण उन्मेषला नट व्हायचं होतं. ते त्याने कधी लपवलं नाही. चेहरा ओळखीचा झाला तशी कामंही यायला लागली, आणि सगळी एकाच प्रकारची. एका सिरियलमध्ये ऑपरेशन थिएटरमधून बाहेर येऊन "माफ़ कीजिए" म्हणणारा डॉक्टर. एकीत पलंगावर पडून मृत्युपत्राची जागा सांगणारे आजोबा, तेव्हा त्याचं वय एकेचाळीस. दोन भुतं. आवाज न करणाऱ्या पंख्याची जाहिरात. मंडी हाउसला नाटकवाल्यांकडे तो तीनदा गेला. ते आदराने चहा द्यायचे आणि म्हणायचे, "सर, आपकी आवाज़ तो सब पहचानते हैं," म्हणजे नको.

त्याची बायको रसिका शाळेत गणित शिकवते. तिने मला एकदा सांगितलं, "काकू, याच्याशी भांडताच येत नाही. हा चिडला की मला वाटतं माझ्या मागे वाघ उभा आहे. मी भांडण सोडून मागे बघते."

तर गेल्या वर्षी मंडळाचं नाटक विनया बसवत होती. विनया पुण्याची, गुडगावला आयटी कंपनीत आहे, मंडळात आली की सगळ्यांना डेडलाइन देते. नाटक तिने स्वतः लिहिलं होतं. जगदाळे नावाचे निवृत्त पीटीचे सर द्वारकेला मुलाच्या फ्लॅटवर राहायला येतात आणि अख्ख्या अपार्टमेंटला शाळेचं मैदान समजून शिस्त लावतात. जगदाळे सर दोन अंक ओरडतात. बोलत असे नाहीतच.

उन्मेष तिला म्हणाला, "जगदाळे मी करतो."

विनया हसली. मग तो हसत नाही हे तिच्या लक्षात आलं. "सर, तुम्ही आलात तर हाउसफुल होईल, बिल्कुल. पण जगदाळे..."

"कॉलर माइक आहेत ना?"

"माइकने आवाज मोठा होतो, सर. राग मोठा होत नाही."

शेवटी तिने अट घातली. नऊ तारखेला माइक बंद ठेवून तालीम. शेवटच्या रांगेत ऐकू आलं तर जगदाळे उन्मेषचा, नाहीतर जयेशचा. जयेश ध्वनियंत्रणा सांभाळतो, बेळगावचा आहे आणि खोकला तरी मजल्यावर कळतं. शेवटच्या रांगेत बसायला मला सांगितलं. "काकू खोटं बोलत नाहीत," असं विनया म्हणाली. मला वाटतं तिला म्हणायचं होतं की काकू अठ्ठ्याहत्तरच्या आहेत, त्यांना ऐकू आलं तर कोणालाही येईल.

ती पहिली आरोळी या तयारीतली. गार्ड येऊन गेल्यावर उन्मेषने घरात ओरडणं बंद केलं. दुसऱ्या दिवशी तो पहाटे यमुनेच्या काठी गेला. तिथे नुसता घसा खाकरला तर पायाशी टिटवी उडाली. म्हणजे अंडी जवळपास असणार. वीस वर्षं लोकांना सांगत आला की अशा जागी आवाज करू नका. तो पाय उचलत उचलत मागे फिरला आणि घरी येऊन मला म्हणाला, "काकू, या अख्ख्या दिल्लीत मला ओरडायला जागा नाही."

"दिल्लीत?" मी म्हटलं. "अरे, इथे ओरडत नाही असा तू एकटाच आहेस."

नऊ तारखेला मी अठराव्या रांगेत बसले. जिथे हे बसायचे त्याच खुर्चीच्या शेजारी. कानातलं यंत्र काढून पर्समध्ये ठेवलं, कारण परीक्षा ती परीक्षा. उन्मेष रंगमंचावर आला. शब्द आले. सगळे आले, अगदी स्पष्ट आले, पण ते दूरच्या खोलीत कोणीतरी नीट वाचून दाखवत असल्यासारखे.

विनयाने विचारलं, "काकू?"

"ऐकू आलं," मी म्हटलं. "पण मी घाबरले नाही."

उन्मेषने मान हलवली. १९९१ चाच चेहरा. मी वडे आणले नव्हते याचं मला वाईट वाटलं. विनयाने त्याच्याकडे पाहिलं, मग मोबाइलच्या कॅलेंडरमध्ये पाहिलं आणि म्हणाली, "शनिवारपर्यंत. त्याच्यापुढे मला जमणार नाही, सर."

पुढचे सहा दिवस उन्मेष सकाळी साडेआठला बाहेर पडायचा आणि अकराला घामाने भिजून परत यायचा. कुठे जातो ते रसिकालाही सांगेना. गुरुवारी मी त्याला जिन्यात गाठलं. "काय रे?"

"आनंद विहार," तो म्हणाला. घोगरा आवाज. "बस अड्डा."

झालं असं होतं की एका कामासाठी तो त्या बाजूला गेला असताना त्याने कंडक्टर ऐकले. यूपीच्या बसचे कंडक्टर दारात लटकून, शंभर हॉर्नच्या वर, "मेरठ मेरठ मेरठ" करत होते. त्यांचं कोणाला काही वाटत नव्हतं. उन्मेष एका हापुडच्या बसशेजारी जाऊन उभा राहिला. डोक्यावर टोपी, तोंडावर प्रदूषणाचा मास्क. आणि त्याने हळूच सुरुवात केली, "हापुड़."

कंडक्टरने त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "भाईसाहब, किसी को बुला रहे हो या कान में बता रहे हो?"

"सिखा दो," उन्मेष म्हणाला.

त्या भल्या माणसाने शिकवलं. घशातून नाही, बेंबीतून. आणि शब्द फेकायचा नाही, माणूस ओढायचा. समोर पिशवी घेऊन गोंधळलेला जो दिसेल त्याच्याकडे बघायचं आणि त्याला हापुडलाच जायचं आहे असं धरून चालायचं. उन्मेष जंगलात एका प्राण्यावर नजर ठेवून तासन्‌तास बसतो. त्याला हे लगेच पटलं. बुधवारपर्यंत त्याचा आवाज तीन बस पलीकडे जायला लागला.

"काकू, काल चौघं माझ्या सांगण्यावरून बसमध्ये चढली," तो म्हणाला. "त्यातल्या एकाला बहुतेक बुलंदशहरला जायचं होतं."

सोळा तारखेच्या तालमीला मी पुन्हा अठराव्या रांगेत. पुन्हा यंत्र पर्समध्ये. जगदाळे सरांनी "हात वर" म्हटलं आणि माझ्या मांडीवरची पर्स खाली पडली. विनयाने काही विचारलंच नाही.

शनिवार, ३० ऑगस्ट. प्रयोगाला सभागृह भरलं होतं. निम्मी मंडळी टीव्हीवरचा उन्मेष बघायला आलेली. पुढे मुलं बसली होती. मागच्या दोन रांगांत राजेंद्र नगरहून आलेले पंचवीसेक विद्यार्थी होते, बीड, लातूर, हिंगोलीकडचे, दिल्लीत यूपीएससीची तयारी करणारे. त्यांचा मित्र राघव नाटकात जगदाळे सरांच्या मुलाचं काम करत होता. पहिली ओळ त्याने उच्चारल्याबरोबर त्यांनी शिट्ट्या वाजवल्या. मी त्यांच्यातच बसले होते, शेजारी रसिका.

पहिला अंक उन्मेषने मारून नेला. अपार्टमेंटच्या सेक्रेटरीला त्याने "गुडघे वर" करायला लावलं तेव्हा लोक खुर्चीत लोळत होते. एकालाही झुडूप आठवलं नसावं. रसिका माझ्या कानाशी येऊन म्हणाली, "घरी असं बोलला असता तर निदान मी उत्तर तरी दिलं असतं."

दुसऱ्या अंकात मुलगा वडिलांना सुनावतो. सगळे स्तब्ध, राघव मध्यभागी, आणि त्याचं वाक्य आहे, "बाबा, मी सहा वर्षांचा होतो तेव्हाही तुम्ही माझ्या हातात शिट्टीच दिली होती." राघव म्हणाला, "बाबा," आणि थांबला.

आधी वाटलं, छान पॉज घेतलाय. मग पॉज लांबला. राघवच्या कपाळावर घाम दिसायला लागला. विंगेत प्रॉम्प्टिंगला अनुष्का होती, आमच्या सोसायटीतली, दहावीतली. संहिता तिच्या मोबाइलवर होती आणि नेमका त्या क्षणी तिच्या आजीचा व्हिडिओ कॉल आला. संहितेच्या जागी आजी दिसायला लागली. अनुष्का आजी बंद करायची धडपड करत होती.

उन्मेष राघवपासून चार हातांवर उभा होता, पाठमोरा, संतापलेला बाप. आणि त्याने ते केलं जे त्याने आठ वर्षं विंगेत केलं होतं. मान न वळवता, ओठ न हलवता, नुसत्या श्वासावर, पहिले दोन शब्द दिले.

"मी सहा..."

फक्त आता त्याच्या कॉलरला माइक होता.

सगळ्या सभागृहात, भिंतीवरच्या आठ स्पीकरमधून, देशाला पाठ असलेली ती कुजबुज घुमली. राघव इतका दचकला की त्याला ते कळलंच नाही. उन्मेषला तिसराही शब्द द्यावा लागला. "वर्षांचा..."

पुढच्या रांगेतून एक पोरगी आनंदाने किंचाळली, "हिलिएगा मत."

त्यानंतर जे हसू फुटलं ते थांबेना. मागचे विद्यार्थी खुर्च्यांचे हात वाजवायला लागले, "सर, वाघ, मागे वाघ" असं काहीबाही ओरडायला लागले. जगदाळे सर कुठल्या कुठे गेले. रंगमंचावर रविवार सकाळचा माणूस उभा होता. उन्मेषचे कान मला अठराव्या रांगेतून लाल दिसत होते. रसिकाने माझा हात धरला, तो जरा जास्तच जोरात.

उन्मेष वळला. पायऱ्यांपाशी, रंगमंचाच्या अगदी टोकाला आला. पुढच्या मुलांकडे त्याने बघितलं नाही. त्याने थेट आमच्याकडे बघितलं, हापुडला जायचंच आहे असं धरून चालल्यासारखं.

"मागची रांग, सावधान."

मी उद्गारचिन्ह घालत नाही, कारण आमच्या शाळेत एका पानावर एकच चालायचं, आणि हे एकात मावलं नसतं.

पंचवीसही विद्यार्थी उभे राहिले. जिल्हा परिषदेच्या शाळांतली मुलं ती. पीटीच्या सरांची हाक त्यांच्या डोक्याला विचारून येत नाही, सरळ टाचांत जाते. टाचा जुळल्या, हात मांड्यांना चिकटले. रसिका उभी राहिली. एक निवृत्त कर्नल होते, ते तर आधीच उभे होते. आणि आपण हे का करतो आहोत हे कळायच्या आत मीही उभी होते, डाव्या गुडघ्यासकट. सभागृहात टाचणी पडली असती तर ऐकू आली असती, आणि मी यंत्र लावलेलं नव्हतं.

त्या शांततेत राघवला सगळं आठवलं. तो म्हणाला, आणि रडव्या आवाजात इतकं सुरेख म्हणाला की विनयाने ते तसं लिहिलं नव्हतं. "बाबा, मी सहा वर्षांचा होतो तेव्हाही तुम्ही माझ्या हातात शिट्टीच दिली होती."

आता जगदाळे सरांनी काहीतरी बोलायचं होतं. उन्मेष बोलेना. तो आमच्याकडेच बघत होता. सभागृहाची अख्खी मागची रांग त्याच्या एका शब्दावर उभी आहे हे तो बघत होता, आणि त्यात सगळं विसरला. आम्ही उभे. माझा गुडघा कुरकुरायला लागला. कर्नलसाहेब हलले नाहीत.

तेव्हा राघवने मान न वळवता, हळूच, त्याला दोन शब्द दिले. ते त्याच्या माइकमधून आमच्यापर्यंत आले.

"बाबा... विश्राम."

"विश्राम," उन्मेष म्हणाला, आणि आम्ही बसलो. टाळ्या बसल्यावर सुरू झाल्या.

नाटक संपल्यावर जयेश विनयाकडे तोंड पाडून आला. "सॉरी हां, ती कुजबुज आल्यावर मी घाबरलो. सरांचा माइक तेव्हाच बंद केला. परत चालू करायचं राहून गेलं."

"तेव्हाच म्हणजे कधी?" विनयाने विचारलं.

"सावधानच्या आधी."

विनया माझ्याकडे बघत राहिली. मी उन्मेषकडे बघितलं. तो मुलांच्या घोळक्यात मोबाइलमध्ये फोटो काढून घेत होता आणि त्याने काही ऐकलं नव्हतं.

रविवारी सकाळी बी-१०४ चं दार उघडून तो माझ्याकडे आला. घसा पार बसलेला. सोमवारी ओखल्याला शूटिंग होतं आणि त्याला त्याची चिंता नव्हती, तिथे तसाही आवाज लागत नाही. त्याने गळ्याकडे बोट दाखवलं, मग माझ्या टेबलावरच्या डायरीकडे, आणि श्वासावर विचारलं, "काकू, लिहिलंत?"

मी पान उघडून त्याच्यासमोर ठेवलं.

"३० ऑगस्ट २०२५. उन्मेषचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत आला. माइक बंद होता. यांच्या शेजारच्या खुर्चीतून ऐकला. डावा गुडघा दुखतो आहे."

त्याने ते दोनदा वाचलं. मग वडे आहेत का, असं त्याने खुणेनेच विचारलं.